भिंतीतली ऊब

कोठाराच्या भिंतीवर तळवा टेकवून ओरुई उभी होती आणि भिंत गरम आहे की गार, तेच तिला कळत नव्हतं. क्षणभर वाटे, आत खोल कुठेतरी ऊब आहे. लगेच वाटे, छे, ही आपल्याच हाताची ऊब. भिंत तीच आपल्याला परत देते आहे. मग ती हात काढी, बाहीत घालून थोडा वेळ तसाच ठेवी आणि पुन्हा टेकवी. पाठीमागे माणसं उभी आहेत आणि ती भिंतीकडे नव्हे, आपल्या हाताकडे बघताहेत, हे तिला न वळताही समजत होतं. परवा संध्याकाळपर्यंत ही एदोमधली जुन्या कपड्यांची पेठ होती. ज्या अंगणातून शेजारचं छप्परसुद्धा धड दिसत नसे, तिथून आज थेट नदीवरचा पूल दिसत होता. दुकानं गेली, मागच्या गल्लीतली चाळ गेली, न्हाणीघर गेलं, दारावरचे निळे पडदे तर कधी गेले तेही कळलं नाही. उभी राहिली ती फक्त जाड मातीच्या भिंतींची कोठारं, पांढऱ्याची काळी होऊन. आणि कोठार उभं आहे एवढ्याने काही होत नाही, हे आज सकाळी सगळ्यांनी पाहिलं होतं.

समोरच्या कागदवाल्या किहेईने घाई केली होती. आगीची घंटा झाली की कोठाराची दारं-खिडक्या मातीने लिंपून घ्यायची, आणि आग पुढे गेल्यावर भिंती पार गार होईपर्यंत त्यांना बोट लावायचं नाही, हे इथे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. आत कोंडलेली धग वाऱ्याची वाटच बघत असते. किहेईलाही ते ठाऊक होतं. तरी त्याने भिंतीवर हात ठेवला, “झालं गार,” म्हणाला आणि दाराची माती फोडायला लावली. दार बोटभर सरकलं असेल नसेल, आतून आवाज आला. फार मोठा नव्हता तो. एखाद्या झोपलेल्या माणसाने दचकून श्वास आत ओढावा तसा. मग छपराच्या कौलांखालून धूर, आणि मग सगळंच. वाडवडिलांपासून जपलेला कागद, लग्नाच्या पेट्या, कुणाकुणाची ठेवलेली बोचकी. किहेई समोर जमिनीवर गुडघ्यांवर हात ठेवून बसला, नाटकाला बसावं तसा, आणि सगळं संपेपर्यंत हलला नाही. माणसं तिथून हळूहळू वळली आणि ओरुईच्या कोठारासमोर येऊन उभी राहिली.

कारण त्यांचंही सगळं इथेच होतं. परवा घंटा वाजायला लागली तसे चाळीतले लोक अंथरुणं, कपडे, भांडी बोचक्यात बांधून धावत आले होते आणि ओरुई दारात उभी राहून ती आत घेत होती. दुकानातला माल कमी का होता? पण नाही कुणाला म्हणायचं? ज्यांच्या अंगावरचे कपडे आपण विकत घेतो आणि ज्यांच्या अंगावर आपण ते चढवतो, ती हीच माणसं. प्रत्येकाला ती एकच विचारत होती, “विस्तव, तेल, काडी, काही नाही ना?” आणि प्रत्येकजण मान हलवून बोचकं आत ढकलत होता. शेवटी इसोगोरो आला. तो तिच्या वडिलांच्या वेळेपासून या घराचा गिलावा करणारा. आगीत असल्या माणसाने आधी आपल्या आश्रयदात्याच्या कोठाराकडे धावायचं, मग आपल्या घराकडे, अशी इथली रीत. त्याचं घर कधी जळलं हे त्याने पाहिलंच नाही. अंगणातल्या पिपात मळून ठेवलेली माती ओंजळीने उचलून त्याने एकेक फट बुजवली, आणि वरच्या खिडकीची शेवटची फट बुजवताना लोखंडी कडी तापली आहे हे त्याच्या हातांना उशिरा कळलं.

आता त्याचे दोन्ही पंजे चिंध्यांत गुंडाळलेले होते.

“काय म्हणते भिंत?” त्याने विचारलं.

“तुम्हीच बघा ना काका. मला नाही समजत.”

“मी काय बघू? माझ्या हाताला आता बर्फसुद्धा गरम लागेल.” चिंध्यांचे दोन गोळे त्याने तिच्यासमोर धरले. मग आवाज खाली आणून म्हणाला, “पोरी, नवरा तुझा क्योतोला. किल्ली तुझ्याकडे. फोड म्हणालीस तर फोडतो, थांब म्हणालीस तर थांबतो. पण म्हणायचं तू.”

घरची किल्ली तिला नवीन नव्हती. घरची मुलगी होती ती. वडिलांना मुलगा नव्हता म्हणून दुकानातल्या सगळ्यांत हुशार माणसाला, हानजिरोला, त्यांनी जावई आणि मुलगा दोन्ही करून घेतलं. त्यामुळे दुकान त्याचं होतं आणि घर तिचं, आणि भिंती कुणाच्या हा प्रश्न परवापर्यंत कधी आलाच नव्हता. हानजिरो असता तर काय केलं असतं? त्याने भिंतीला हात लावला असता, मान डोलावली असती आणि काहीतरी सांगून मोकळा झाला असता. चुकला असता तरी सांगताना चाचरला नसता. तिला त्याचा हेवा वाटायचा. जुने कपडे हातात घेऊन तो नुसत्या स्पर्शाने सांगत असे, हा कापूस दोन हिवाळे काढील, हा नाही. तिलाही पूर्वी येत असे ते. मग एकदा तिच्या हाताने तिला दगा दिला, आणि तेव्हापासून ती कपड्याला हात लावण्याआधी नवऱ्याच्या तोंडाकडे बघू लागली.

तिच्या मुलीला, तोमेला, देवी आल्या तेव्हा ती चार वर्षांची होती. खोलीत लाल कागदाची खेळणी टांगली होती, लाल कपडे घातले होते, दिवासुद्धा लाल कागदातून जळत होता. त्या रोगाच्या देवाला लाल आवडतं म्हणतात. ओरुई दिवसरात्र उशाशी बसून कपाळावर हात ठेवी. हात हेच तिचं सगळं होतं. आणि एके सकाळी कपाळ गार लागलं. गार म्हणजे कसं, सकाळी अंगणातला दगड लागावा तसं छान गार. खपल्याही धरल्यासारख्या दिसत होत्या. तिने सासूसारखं सारखं नाक खुपसणाऱ्या आपल्या मावशीला बोलावलं नाही, वैद्याची वाट पाहिली नाही. तांदळाच्या पाण्यात दारूचे थेंब टाकून पोरीला उतारपडीचं न्हाऊ घातलं, आणि लाल चवळी घालून मोठं पातेलंभर भात शिजवला. लाखेच्या डब्यांची उतरंड काढली, प्रत्येक डब्यात भात भरला आणि गल्लीत घरोघर स्वतः जाऊन दिला. “ताप उतरला,” ती प्रत्येक दारात सांगत होती. “हात लावून बघितलं मी.” त्या दुपारी ताप परत चढला, आणि दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत सगळं आटोपलं. तेव्हाही तिने कपाळावर हात ठेवला होता. तेव्हाही ते गारच लागलं. सकाळच्या गारव्यात आणि त्या गारव्यात काय फरक होता ते तिला अजूनही सांगता आलं नसतं, आणि खरी भीती हीच होती.

डबे परत आले ते चोरीचा माल परत यावा तसे. आनंदाचा भात आला की डबा धुऊन, त्यात आठवणीने काहीतरी घालून परत करायचा. रिकामा डबा कुणी कुणाला देत नाही. पण या डब्यांत काय घालायचं हे गल्लीला कळेना. कुणी मागच्या दाराशी ठेवून गेलं, कुणी मोलकरणीच्या हाती दिला. ओरुईने उतरंड पुन्हा रचली तेव्हा एक डबा कमी होता. तिने कधी विचारला नाही. पुढे सणासुदीला ती उतरंड काढायची वेळ आली की मधल्या डब्यावर वरचा डबा नीट बसत नसे, आणि तिला वाटे, गल्लीत कुणीतरी आपल्या चुकीचा पुरावा फळीवर मांडून ठेवला आहे. कोण असेल? न्हाणीघरवाली ओशिगेआजी असेल का? तिची जीभ तशी होती. रस्त्यात समोरून येणाऱ्या प्रत्येक बाईच्या तोंडावर ओरुईने तो डबा कितीतरी वर्षं शोधला होता.

“बाई,” मागून ओशिगेआजीचाच आवाज आला, “संध्याकाळपर्यंत तरी ठरेल ना? नाही, आम्ही बसतो आपले. बसायला काय जातं. खाली राख आहे मऊ.”

कुणीतरी हसलं. कुणीतरी म्हणालं, “आजी, किहेईसारखं नको व्हायला.”

“तेच म्हणते मी. बघू दे नीट. बाईंचा हात म्हणजे...” आजीने वाक्य अर्धंच सोडलं. अर्धं सोडलेलं वाक्य गल्लीतल्या प्रत्येकाने आपापल्या मनात पुरं केलं असणार. ओरुईचे कान तापले, आणि ते मात्र तिला बरोबर कळलं.

ती वळली. माणसं कुडकुडत होती. कुणी जळक्या फळ्यांचा आडोसा केला होता, कुणी नुसतंच एकमेकांना बिलगून. देवळातून आलेला भाताचा गोळा सकाळीच संपला होता. जरा बाजूला ओनुई उभी होती, कंदील डकवणाऱ्याची बायको. लग्नानंतर कितीतरी वर्षांनी तिला मूल झालं होतं, अजून महिन्याचंही नव्हतं ते. तिने त्याला आपल्या अंगरख्यात छातीशी धरलं होतं आणि वरून कमरेचा पट्टा गुंडाळला होता. नवरा कुठे नातेवाइकांकडे आसरा मिळतो का बघायला गेलेला. तिची कापसाची रजई, पोराची दुपटी, सगळं आत होतं, त्या भिंतीपलीकडे, हाताच्या अंतरावर.

“कसं आहे गं बाळ?” ओरुईने विचारलं आणि नकळत हात पुढे केला.

ओनुई मागे सरकली. फार नाही, पाऊलभर. तिने पोर दुसऱ्या बाजूला वळवलं आणि खाली बघत म्हणाली, “झोपलंय. झोपू दे, मालकीणबाई.”

ओरुईने हात मागे घेतला. बरोबर आहे, तिला वाटलं. मी तिच्या जागी असते तर मीही हेच केलं असतं. राग आला नाही. फक्त आत काहीतरी पुष्कळ दिवस उभं राहिलेलं होतं, ते थकून खाली बसलं. आपण थांब म्हणालो आणि हे पोर गारठून गेलं तर? फोड म्हणालो आणि गल्लीची सगळी अंथरुणं पेटली तर? दोन्हीकडे तेच पोर होतं. तिने पुन्हा भिंतीकडे पाहिलं. जगात दुसरं काहीही विचारा, पण गरम की गार एवढं मला विचारू नका, असं ओरडून सांगावंसं तिला वाटलं.

दुपार कलताना बर्फ पडू लागलं. आधी विरळ, मग दाट. राखेवर पडलं, जळक्या खांबांवर पडलं, किहेईच्या कोठाराच्या उरलेल्या भिंतीवर, त्याच्या डोक्यावरही पडलं. त्याने ते झटकलं नाही. ओशिगेआजीने डोक्यावर फाटकी चटई घेतली आणि पुटपुटली, “जन्मभर पाणी तापवलं मी. हजार माणसं आंघोळ करून जायची. हाताला काय कळतंय? हाताला सवय होते. आम्ही न्हाणीत पाठीला विचारायचो. आमच्या म्हाताऱ्याला म्हणायचे, पाठ लाव रे हौदाला, सोसते का बघ.”

ओरुई ते ऐकत होती आणि ऐकतही नव्हती. ती बर्फाकडे बघत होती. सगळीकडे ते बसत होतं, फक्त कोठाराच्या पायथ्याशी बसत नव्हतं. भिंतीला लागून वीतभर रुंदीची काळी ओली पट्टी सरळ गेली होती. भिंतीवर आपटलेला प्रत्येक कण क्षणभर पांढरा दिसे आणि पाणी होऊन ओघळे. म्हणजे भिंत गरम होती. एवढी साधी गोष्ट. तिच्या हाताला सकाळपासून जे सांगता येत नव्हतं ते बर्फ सगळ्यांसमोर सांगत होतं. तिला आधी सुटल्यासारखं वाटलं, आज फोडायचं नाही हे ठरलं म्हणून. आणि मग दुसरी गोष्ट तिच्या लक्षात आली, आणि इतका वेळ ती आपल्याला सुचली कशी नाही याची तिला लाजच वाटली.

“आजी,” ती म्हणाली, “उठा. इकडे या. पाठ लावा इथे.”

“कुठे?”

“भिंतीला. सगळ्यांनी या. पाठ टेकून बसा.”

आजी कुरकुरत आली, वळली, भिंतीला टेकली, आणि तिचा सुरकुतलेला चेहरा सैल पडला. “अगं बाई,” एवढंच ती म्हणाली आणि पाय पसरून बसली. मग कुणाला बोलवावं लागलं नाही. जळक्या फळ्या भिंतीला तिरक्या लावून वर चटया टाकल्या. कोठाराच्या चारी बाजूंनी माणसं ओळीने पाठ टेकून बसली, वळचणीला कबुतरं बसावीत तशी. इसोगोरोने आपले चिंध्यांचे पंजे मांडीत ठेवले आणि अभिमानाने सांगितलं की ऊब टिकली आहे ती गिलाव्यामुळे, तुसाची नि दोराची भर त्याने स्वतः घातली होती. “घर जळलं ना तुमचं, काका?” कुणी विचारलं. “त्याचा गिलावा वाईटच होता,” तो म्हणाला, आणि परवापासून पहिल्यांदा लोक मोकळे हसले. किहेईलाही दोघांनी धरून आणलं. तो ओरुईच्या भिंतीला टेकला आणि तेव्हा कुठे त्याला रडू आलं.

ओनुई सगळ्यांत शेवटी आली आणि जागा उरली होती ती ओरुईशेजारीच. ती बसली, पोर तिने मांडीवर आडवं घेतलं, असं की त्याची पाठ भिंतीला लागावी. अंधार पडत चालला होता. फळ्यांच्या फटीतून बर्फ उतरताना दिसत होतं. पाठीत शिरणारी ती ऊब ओरुईला विचित्र वाटत होती. तिची स्वतःची नव्हती, कुणाची दयाही नव्हती ती. जिने घरं जाळली त्या आगीचीच ती उरलेली ऊब होती, आणि तरी पाठीला बरी वाटत होती. आजारी पोराला उराशी धरल्यावर त्याच्या तापाचीही अशी ऊब लागते, आणि थंडीच्या दिवसांत ती क्षणभर बरी वाटते. हे तिने कुणाला कधी सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं नव्हतंच ते.

“मालकीणबाई,” ओनुई फार हळू म्हणाली, “दुपारी मी मागे झाले. तुम्हाला वाईट वाटलं असेल.”

“नाही गं. मी असते तरी तेच केलं असतं.”

“तुम्हाला वाटतंय तसं नाही ते. मला तुमच्या तोंडाकडे बघवत नव्हतं.” पोराने तोंड हलवलं, पुन्हा शांत झालं. “तुमचा डबा माझ्याकडे आहे. लाल भाताचा.”

ओरुईने तिच्याकडे पाहिलं नाही. पाठीला भिंत होती म्हणून बरं.

“मी नवी नवरी होते हो तेव्हा. या गल्लीत मला पहिल्यांदा कुणी काही दिलं ते तुम्ही. डबा धुतला, पुसला, आणि सासूबाईंनी सांगितलं तसं त्यात गंधकाच्या काड्या भरल्या, परत करताना रिकामा नको म्हणून. सकाळी घेऊन निघाले, तर तुमच्या दारावर शोकाचा कागद. मग काय करू? काड्यांसकट देऊ? आनंदाची परतफेड ती, दुःखाच्या घरात कशी नेऊ? काड्या काढून रिकामा देऊ? विचारायला सासूबाई होत्या, पण विचारलं नाही. तसाच फळीवर ठेवला. मग जितका उशीर झाला तितकं जास्तच अवघड झालं. कधीतरी देऊ, कधीतरी देऊ...”

“आता जळला असेल,” ओरुई म्हणाली. तिला स्वतःच्या आवाजाचं नवल वाटलं. इतकी वर्षं जो पुरावा वाटत होता तो फक्त एका नवख्या पोरीचा संकोच होता. रस्त्यातले ते सगळे चेहरे उगीच तपासले आपण.

“नाही जळला. तेच तर. परवा घाईत मी स्वतःची कढई विसरले आणि तो डबा उचलला. दुसऱ्याची वस्तू जळायला नको म्हणून. बोचक्यात आहे. आत.” ओनुईचा आवाज आता जेमतेम ऐकू येत होता. “तुम्ही दारात विचारलंत, काडी नाही ना, मी मान हलवली. खरंच आठवलं नाही हो. आज किहेईंचं कोठार पेटलं तेव्हा आठवलं. काड्या अजून त्यात आहेत.”

ओरुईच्या पाठीला अचानक ती ऊब सहन होईना. जुन्या कपड्यांच्या गाठोड्यांत, वाळलेल्या कापसात, कुठेतरी एक लाखेचा डबा, आणि त्यात मूठभर गंधक, निखारा नुसता शिवला तरी पेटणारं. आत एवढीशी ठिणगी कुठे दडली असली आणि दार उघडून वारा शिरला, तर सगळ्यांत आधी ते उठेल. ओळीने बसलेल्या माणसांकडे तिने पाहिलं. हे सांगितलं तर ओनुईला या भिंतीशी कुणी बसू देणार नाही. आज नाही आणि पुढेही नाही. ती आणि तिचं पोर जन्मभर त्या काड्यांच्या नावाने ओळखली जातील. ते कसं असतं हे ओरुईला माहीत होतं.

“दुसऱ्या कुणाला सांगितलंस?”

“नाही.”

“मग सांगू नकोस.” थोड्या वेळाने ती म्हणाली, “गोड होता का गं भात?”

ओनुई रडत होती. “खूप,” ती म्हणाली. “अजून चव आठवते.”

ओरुईला कधी डोळा लागला ते कळलं नाही. जाग आली ती थंडीने. फळ्यांतून फटफटीत उजेड येत होता आणि ओळीतली माणसं एकेक करून खांदे चोळत उठत होती. “मेली भिंत,” ओशिगेआजी कण्हत म्हणाली. “पाठ आखडली माझी. हौद निवला की गिऱ्हाईक उठतं, तसं उठवलं हिने.” दुसऱ्या बाजूनेही तेच, तिसऱ्या बाजूनेही. बाहेर बर्फ थांबलं होतं. कोठाराच्या पायथ्याची काळी पट्टी राहिली नव्हती. वळचणीखालच्या गिलाव्याच्या काठावर पांढरं बर्फ निवांत बसलं होतं. सगळ्यांच्या पाठींनी एकच सांगितलं होतं. इसोगोरोने छिन्नी मनगटांत धरली आणि तिच्याकडे पाहिलं. आता चारचौघांत होता, म्हणून म्हणाला, “मालकीणबाई?”

आणि तरी म्हणायचं तिलाच होतं. बाकीच्यांना काड्यांचं ठाऊक नव्हतं. ती पुढे झाली आणि तिने तळवा भिंतीवर टेकवला. गार. तिला तो गारवा ओळखता आला, कारण असंच गार कपाळ तिने दोनदा पाहिलं होतं आणि दोन्ही वेळी तिला एकच कळलं होतं. पण भिंत म्हणजे काही तोमे नव्हती. भिंतीचं गार होणं चांगलंच होतं. इथे गार म्हणजे गार, आणि तेवढंच. हात तेव्हा खोटं बोलला नव्हता. कपाळ खरोखरच गार झालं होतं त्या सकाळी; त्याच्यावर बाकीचं सगळं तिने स्वतः रचलं होतं, कारण तिला ते फार हवं होतं. एवढं कळायला इतकी वर्षं लागली आणि अख्खी पेठ जळावी लागली. तिने हात दारावर फिरवला, खिडकीखाली फिरवला, ओंजळभर बर्फ घेऊन भिंतीवर थापलं आणि ते ओघळण्याची वाट पाहिली. ओघळलं नाही.

“सगळे मागे व्हा,” ती म्हणाली. “नदीच्या बाजूला. काका, फोडा.”

माणसं मागे गेली. ओनुई गेली नाही. “तू जा,” ओरुई तोंडातल्या तोंडात म्हणाली. “पोर आहे छातीशी.” “जाते,” ओनुई म्हणाली आणि हलली नाही, मग ओशिगेआजीने येऊन तिला दंडाला धरून ओढत नेलं. छिन्नीखाली वाळलेली माती खपल्यांसारखी निघत होती. शेवटची खपली पडली. ओरुईने किल्ली फिरवली आणि दार स्वतः सरकवलं. बोटभर. तिने कान दिला. श्वास ओढल्याचा आवाज आला तो तिचाच होता. आतून अंधार आला, आणि कापराचा, जुन्या कापसाचा, शंभर अनोळखी माणसांच्या अंगाचा वास. दुकानात ती जन्मली तेव्हापासूनचा तोच वास. धूर नाही. तिने दार पुरतं उघडलं.

मग कसलीच शिस्त राहिली नाही. बोचकी बाहेर आली, गाठी सुटल्या, रजया खांद्यांवर चढल्या, आणि दुकानातला माल ओरुईने किहेईपासून सुरुवात करून ज्याच्या अंगावर कमी होतं त्याच्या अंगावर घातला. हानजिरो परत आल्यावर काय ते बोलेल. तांदळाची पोती आतच होती. कुणी राखेतून एक पातेलं शोधून काढलं, कुणी जळक्या तुळया फोडल्या. पण सगळं भिजलेलं. तीन दिवसांपूर्वी जिथे जिकडेतिकडे आग होती तिथे आज एक निखारा मिळेना. इसोगोरोच्या तंबाखूच्या बटव्यात चकमक होती. ओशिगेआजी ती झाडून झाडून थकली, कापूस धुमसे आणि विझे.

ओनुई पोर रजईत गुंडाळून आली होती. तिने दोन्ही हातांनी डबा पुढे केला, बाईने बाईकडे परत करावा तसा, किंचित वाकून. “फार उशीर झाला,” ती म्हणाली.

लाख कुठेही उडाली नव्हती. ओरुईने झाकण काढलं. काड्या व्यवस्थित रचलेल्या होत्या, टोकं एका बाजूला. खाली घातलेला कागद पिवळा पडला होता, एवढंच. तिने त्यातली एक उचलली आणि आजीच्या धुमसत्या कापसाला टेकवली. निळी ज्योत उठली. आजीने ओरुईकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं, ओनुईकडे पाहिलं. त्या म्हातारीला न सांगता किती कळलं देव जाणे. “ओलं सरपण आहे,” ती म्हणाली, “आणखी एक दे,” आणि पुढे आयुष्यात त्याविषयी एक शब्द बोलली नाही.

भात झाला तो थोडा करपलेला होता. ओरुईने डबा बर्फाने घासला, बाहीने पुसला, आणि पहिला भात त्यात भरला. पांढराच भात, घालायला लाल काही नव्हतं, आणि ते शोधावंसं तिला वाटलंही नाही.

“घे. गरम आहे तोवर खा. डबा सावकाश परत कर.”

“रिकामा नाही आणणार,” ओनुई म्हणाली.

“ठाऊक आहे. म्हणून तर सावकाश म्हणते.”

डबा घ्यायला ओनुईला दोन्ही हात लागणार होते. तिने इकडेतिकडे पाहिलं आणि मग पोर ओरुईकडे दिलं. ओरुईने त्याला घेतलं, रजई नीट केली आणि सवयीने तिचा तळवा त्याच्या कपाळावर गेला. तिथे तो थांबला. कपाळ कोमट होतं, निजलेल्या पोराचं असतं तेवढंच, आणि हे तिला लगेच कळलं.